चार बाजू, एकोणीस गाणी : ‘लंडन कॉलिंग’ श्रवणसत्राच्या नोंदी

२ ऑक्टोबर २०२४, बुधवार

ठरलं. श्रवणमंडळाची डिसेंबरची बैठक माझ्याकडे आहे आणि मी द क्लॅश या लंडनच्या पंक बँडची ‘लंडन कॉलिंग’ लावणार. तारीख शनिवार, १४ डिसेंबर. इंग्लंडात ही डबल एलपी, म्हणजे दोन मोठ्या तबकड्यांचा संच, १४ डिसेंबर १९७९ ला बाजारात आली, म्हणजे त्या दिवशी तिला ४५ वर्षं पूर्ण होतील.

मंडळातली बहुतेक मंडळी शास्त्रीय आणि नाट्यसंगीत ऐकणारी. पंक म्हटलं की केसांचे तुरे आणि आरडाओरडा, एवढीच ओळख. मला त्यांच्यासमोर पंकची बाजू मांडायची नाही. १९७७ मध्ये ‘जुनं काही नको’ म्हणणारी चार पोरं १९७९ मध्ये जुन्याकडे कशी परतली, आणि परतताना हातात काय घेऊन आली, एवढंच ऐकवायचं आहे.

वेळ दोन तास. तबकडी ६५ मिनिटांची. सगळी वाजवली तर बोलायला वेळ राहील, पण वाजवून दाखवायला राहणार नाही. आणि वाजवून तर दाखवायचंच आहे.

६ ऑक्टोबर

आज फक्त मुखपृष्ठ घेऊन बसलो. डाव्या कडेला वरून खाली गुलाबी अक्षरं, तळाला हिरवी. १९५६ साली एल्विस प्रेस्लीची पहिली एलपी आली, तिच्यावरची मांडणी अशीच, रंगही हेच. क्लॅशबरोबर अमेरिकेच्या दौऱ्यावर गेलेला व्यंगचित्रकार रे लाऊरी याने ती जाणूनबुजून उचलली.

एल्विसच्या तबकडीवर तो डोळे मिटून, तोंड उघडून गातोय आणि गिटार छातीशी धरलेली आहे. इथे क्लॅशचा बेसवादक पॉल सिमनन कमरेत वाकलाय, चेहरा दिसत नाही, बेस गिटार उलटी धरलेली, आणि पुढच्या क्षणी ती जमिनीवर आदळणार आहे. फोटो पेनी स्मिथचा, सप्टेंबर १९७९ मधला, न्यूयॉर्कच्या पॅलॅडियम थिएटरातला. फोटो धूसर आला आहे म्हणून तो वापरू नये असं तिचं मत होतं. क्लॅशचा गायक जो स्ट्रमर आणि लाऊरी अडून बसले आणि तोच लागला. तिथल्या प्रेक्षकांना खुर्चीतून उठू देत नव्हते, त्याचा राग त्या गिटारीवर निघाला, असं सिमननने पुढे सांगितलं आहे. ती मोडकी बेस आज लंडनच्या संग्रहालयाकडे आहे.

सत्रात दोन्ही मुखपृष्ठं शेजारी शेजारी लावायची. एल्विसची तबकडी माझ्याकडे नाही. शेजारच्या काकांकडे असेल.

१३ ऑक्टोबर, दसऱ्याचा दुसरा दिवस

काकांकडे एल्विस नाही. पण त्यांचा रेकॉर्ड प्लेयर मिळाला आणि सुईही नवी आहे. मुखपृष्ठाची रंगीत छापील प्रत चालेल.

काकांना ‘ब्रँड न्यू कॅडिलॅक’ ऐकवलं. हे गाणं क्लॅशचं नाही, व्हिन्स टेलर या इंग्लिश रॉकअँडरोल गायकाचं, १९५९ चं. वेसेक्स स्टुडिओत क्लॅश ते हात मोकळे करायला वाजवत होते. निर्माता गाय स्टीव्हन्स म्हणाला, झालं, हेच घेतलं. ड्रमर टॉपर हेडनची तक्रार होती की शेवटाकडे लय वाढली आहे. स्टीव्हन्सचं उत्तर असं की रॉकअँडरोलमध्ये लय वाढतेच. रेकॉर्डिंग तसंच राहिलं.

मी मेट्रोनोम, म्हणजे ठरावीक लयीत ठोके देणारं यंत्र, लावून बसलो होतो. पहिल्या कडव्याला जुळवलेला ठोका शेवटाला मागे पडतो, स्वच्छ कळतं. काकांना मेट्रोनोमची गरजच पडली नाही. म्हणाले, “अहो, भजनात नाही का चढत? टाळकरी एकदा रंगले की कोण धरतंय त्यांना?” हेच सत्रात सांगणार. क्लिक ऐकत वाजवायची सवय लागलेल्या मला जे चुकीचं वाटतं, ते टाळांच्या गजरात वाढलेल्या माणसाला साहजिक वाटतं.

२० ऑक्टोबर

गाय स्टीव्हन्ससाठी सत्रात दहा मिनिटं राखून ठेवली आहेत. तो नीट कळल्याशिवाय ही तबकडी कळत नाही असं माझं ठाम मत झालंय.

साठच्या दशकाच्या सुरुवातीला हा माणूस लंडनच्या सोहोमध्ये ‘द सीन’ क्लबात अमेरिकन काळ्या संगीताच्या तबकड्या लावायचा. पुढे आयलंड कंपनीसाठी ‘सू’ या लेबलचं काम पाहिलं आणि ते संगीत इंग्लंडात आणलं. अमेरिकन रॉकअँडरोल गायक चक बेरीचा निस्सीम भक्त. मॉट द हूपल हा बँड त्याने उभा केला, नावही त्यानेच दिलं. ‘प्रोकोल हारम’ या बँडचं नावही त्याचंच, एका ओळखीच्याच्या मांजरावरून घेतलेलं. क्लॅशचा गिटारवादक मिक जोन्स शाळेत असताना मॉट द हूपलच्या मागे वेडा होता. म्हणजे ज्याच्या तबकड्या ऐकून मिक मोठा झाला, त्याच्याच हाती त्याने स्वतःची तबकडी दिली. १९७९ पर्यंत स्टीव्हन्स दारूपायी जवळजवळ संपलेला होता, त्याला काम द्यायला कोणी तयार नव्हतं. क्लॅशच्या रेकॉर्ड कंपनीलाही तो नको होता.

आधीची तबकडी, १९७८ ची, सँडी पर्लमनने केली होती. ब्लू ऑयस्टर कल्ट या रॉक बँडबरोबर काम केलेला अमेरिकन निर्माता. ती चकचकीत आहे, गिटारी भरघोस आहेत, पण मला तिच्यात घाम दिसत नाही. स्टीव्हन्सने नेमकं उलट केलं. रेकॉर्डिंग चालू असताना खुर्च्या भिरकावल्या, शिडी फिरवली, पियानोत दारू ओतली. तंत्राची बाजू सांभाळायला बिल प्राइस होता, दोन वर्षांपूर्वी याच स्टुडिओत सेक्स पिस्टल्स या पंक बँडची तबकडी रेकॉर्ड करणाऱ्यांपैकी एक. एकाने पेटवायचं आणि दुसऱ्याने ते टेपवर नीट उतरवायचं, अशी जोडी. स्टुडिओ हायबरीमधला, पूर्वी चर्चचं सभागृह असलेल्या इमारतीतला. आर्सेनलचं मैदान तिथून जवळ. स्टीव्हन्स त्या संघाचा चाहता. स्टुडिओत येताना टॅक्सी मैदानापाशी थांबवून तो आत जाऊन उभा राहायचा.

१९८१ मध्ये तो गेला. खुर्च्यांचे किस्से ऐकवले की लोक हसतात, पण किश्शांवरच थांबायचं नाही. बुडत्या माणसाला या चौघांनी काम दिलं आणि त्याने आपल्याजवळचं सगळं त्यांना दिलं, हे मला सांगायचं आहे.

३ नोव्हेंबर, भाऊबीज

ताईकडे गेलो होतो. भाचा १९ वर्षांचा, ड्रम वाजवतो. सत्रात साथीला येशील का विचारलं. येतो म्हणाला, पण जेवताना वाद घातला.

त्याचं म्हणणं : “मामा, पहिल्या एलपीनंतर ते पंक राहिलेच नाहीत. १९७७ मध्ये स्वतःच गायले होते की आता एल्विस नको, बीटल्स नको, रोलिंग स्टोन्स नकोत. आणि दोन वर्षांत एल्विसचंच मुखपृष्ठ?”

त्याची माहिती बरोबर आहे. ते गाणं त्यांच्या पहिल्या सिंगलच्या, म्हणजे दोन गाण्यांच्या छोट्या तबकडीच्या, मागच्या बाजूला आहे, मार्च १९७७ चं. त्याच वर्षी ऑगस्टमध्ये एल्विस वारला. मी लगेच उत्तर दिलं नाही, कारण माझ्याजवळ होतं ते तोंडपाठ उत्तर होतं, ‘संगीत पुढे जातं’ वगैरे, आणि तेवढ्याने तो गप्प बसणार नाही. बसूही नये.

ताई म्हणाली, आधी जेवा.

१० नोव्हेंबर

भाच्याच्या प्रश्नावर आठवडाभर काम केलं. तारखा ओळीने लिहिल्या तेव्हा उलगडा झाला.

स्ट्रमर १९७६ च्या आधी काय करत होता? ‘द १०१-अर्स’ नावाच्या बँडमध्ये पबमधून जुनं रिदम अँड ब्लूज आणि रॉकअँडरोल वाजवत होता. एप्रिल १९७६ मध्ये त्यांच्याआधी वाजवायला सेक्स पिस्टल्स आले, त्याने ते ऐकलं आणि थोड्याच दिवसांत आपला बँड सोडला. म्हणजे ‘एल्विस नको’ हे वाक्य म्हणणारा माणूस एल्विसच्याच घरातून बाहेर पडलेला होता. घर सोडताना दार आपटतात, तसं ते गाणं आहे.

फेब्रुवारी १९७९ मध्ये क्लॅश पहिल्यांदा अमेरिकेला गेले तेव्हा त्यांच्याआधी वाजवायला त्यांनी बो डिडलीला घेतलं. ज्याच्या ठेक्यावर रॉकअँडरोलची अर्धी इमारत उभी आहे तो माणूस रोज रात्री समोर वाजवतोय आणि हे बाजूला उभे राहून ऐकतायत. परतल्यावर उन्हाळ्यात पिम्लिकोमधल्या एका गॅरेजच्या मागच्या खोलीत तालीम सुरू झाली. खोलीचं नाव व्हॅनिला. जुन्या मॅनेजरला त्यांनी आधीच दूर केलं होतं, नवीन गाणी हाताशी नव्हती, बाहेरचं कोणी येत नव्हतं. रोज यायचं, जवळच्या मैदानात फुटबॉल खेळायचा, मग दुसऱ्यांची जुनी गाणी वाजवत बसायचं : रॉकअँडरोल, जमैकाचं रेगे, ब्लूज. महिनोन्‌महिने असंच. आणि त्यातून स्वतःची गाणी येत गेली.

आपल्याकडे याला शब्द आहे, रियाज. ‘प्रभाव’ म्हटलं की वाटतं, वारा आला आणि अंगाला लागला. इथे तसं काही नाही. बोटं झिजवून मिळवलेली गोष्ट आहे ही.

त्या तालमींच्या टेप भुयारी रेल्वेत हरवल्या असं अनेक वर्षं धरून चाललं होतं. दुसऱ्या प्रती २००४ मध्ये मिक जोन्सच्या सामानात निघाल्या आणि तबकडीच्या पंचविशीनिमित्तच्या आवृत्तीत आल्या. त्यातले दोन तुकडे सत्रात घेणार. आवाज खराब आहे, खोलीत कोंडल्यासारखा. म्हणूनच घेणार.

२० नोव्हेंबर, मतदानाची सुट्टी

सकाळी मत देऊन आलो. दुपारी भाचा घरी. तबकडीतल्या ‘हेटफुल’ या गाण्यावर काम.

यात बो डिडलीचा ठेका आहे. मंडळींकडून टाळीवर करून घ्यायचा. सोळा मात्रा मोजायच्या आणि १, ४, ७, ११, १३ वर टाळी द्यायची. पहिल्या तीन टाळ्या सारख्या अंतराने, मग थोडा श्वास, मग दोन. गंमत अशी की तीनतालाच्याही मात्रा सोळाच, आणि त्यातल्या दोन टाळ्या, समेची आणि तेराव्या मात्रेवरची, या ठेक्याशी जुळतात. पाचवीची टाळी मात्र मोडून तिचे ४ आणि ७ असे दोन तुकडे झाल्यासारखे वाटतात. हा कुठलाही ऐतिहासिक संबंध नाही, तसं सत्रात स्पष्ट सांगायचं. पण तीनताल ज्यांच्या हाताला बसला आहे त्यांना हा ठेका पाच मिनिटांत येईल.

भाच्याने दोन वेळा चुकवला, तिसऱ्यांदा धरला. मग म्हणाला, “मामा, हे पहिल्या एलपीपेक्षा अवघड आहे.” टॉपर हेडन जॅझ आणि सोल वाजवत आलेला ड्रमर. तो नसता तर बाकी तिघांना कितीही इच्छा असती तरी ही तबकडी झाली नसती. याबाबत दोघांचं एकमत.

२४ नोव्हेंबर

बेसचा दिवस. ‘द गन्स ऑफ ब्रिक्स्टन’ सिमननने लिहिलं आणि गायलंही. तो बँडमध्ये आला तेव्हा त्याला बेस येत नव्हती. गिटारीच्या मानेवर सुरांची नावं लिहून ठेवायचा. शिकला रेगेच्या तबकड्यांबरोबर वाजवून, कारण रेगेत बेस पुढे असते, कानाला सापडते. दक्षिण लंडनमधल्या ब्रिक्स्टनमध्ये तो लहानपणी राहिला होता, तिथल्या जमैकन वस्तीत ते संगीत घराघरांतून येत असे.

मी गेली २० वर्षं बेस वाजवतो. ही चाल पहिल्या दिवशी हाताला येते आणि महिन्याने कळतं की ती आली नव्हती. सगळं काम सुरांच्या मधल्या जागेत आहे. सूर कुठे तोडायचा ते डाव्या हाताने ठरवायचं, आणि तोडल्यावर तिथे काही भरायचं नाही. आज दीड तास फक्त पहिली चाल. शेवटच्या दहा मिनिटांत जरा जमली.

इथे एक मुद्दा सत्रासाठी. ‘जुनं’ म्हणजे फक्त एल्विस आणि चक बेरी नव्हे. या तबकडीत अमेरिकन रॉकअँडरोल आणि जमैकन संगीत एकाच पंगतीला बसतं. तिसऱ्या बाजूचं पहिलं गाणं, ‘राँग एम बोयो’, ऐकवलं की दुसरं काही सांगावं लागणार नाही. ते ‘स्टॅगर ली’ या जुन्या अमेरिकन गाण्याने सुरू होतं, थोड्या वेळात थांबतं, आणि पुन्हा सुरू होतं ते स्का या जमैकन संगीताच्या ठेक्यावर. जमैकाच्या द रूलर्स या गटाचं गाणं. वाद्यं तीच, माणसं तीच, एका श्वासात समुद्र ओलांडलेला.

१ डिसेंबर

निवड पक्की केली. जड गेलं.

‘लव्हर्स रॉक’ आणि ‘कोका कोला’ गाळली, त्यांचं मला वाईट वाटत नाही. पहिलं विशेषतः ढिलं आहे. ‘स्पॅनिश बॉम्ब्स’ गाळताना मात्र जीव तुटला, पण स्पेनच्या यादवी युद्धाची पार्श्वभूमी सांगायची तर पंधरा मिनिटं जातील आणि विषय सुटेल.

‘द कार्ड चीट’ ठेवलं. अमेरिकन निर्माता फिल स्पेक्टरने साठच्या दशकात वाद्यांवर वाद्यं चढवून आवाजाची भिंत उभी केली होती. क्लॅशकडे तेवढे वादक नव्हते, म्हणून त्यांनी प्रत्येक वाद्य दोनदा रेकॉर्ड केलं. पियानो, गिटार, ड्रम, सगळं दुहेरी. वर ट्रम्पेट वगैरे वाऱ्याची वाद्यं. पंक बँडने केलेलं हे सगळ्यांत भव्य गाणं असेल, आणि लोक ते ओलांडून पुढे जातात.

‘डेथ ऑर ग्लोरी’ही ठेवलं. तारुण्यात मोठमोठ्या आणा घेणाऱ्यांचं पुढे काय होतं, यावर ते आहे. भाचा जो प्रश्न मला विचारतोय तो त्यांनी स्वतःला आधीच विचारला होता, आणि तोही याच तबकडीत.

७ डिसेंबर

सभागृहात चाचणी. भाड्याने आणलेल्या ॲम्पमधून सतत गुरगुर. तासभर गेला. शेवटी कळलं की रेकॉर्ड प्लेयरची साखळी एका भिंतीच्या सॉकेटवर होती आणि ॲम्प दुसऱ्या. सगळं एकाच एक्स्टेन्शन बोर्डावर घेतलं, गुरगुर गेली. १४ तारखेला विसरायचं नाही.

‘लंडन कॉलिंग’चा शेवट करून पाहिला. गाणं विरताना गिटारीतून टक-टक असे ठोके येतात, ती मोर्स लिपीतली एसओएसची हाक आहे. मिक जोन्सने ती पिकअपच्या (गिटारीतल्या, तारांचा आवाज पकडणाऱ्या भागाच्या) खटक्याने काढली. दोन पिकअपच्या गिटारीवर एकाचा आवाज शून्यावर ठेवायचा, दुसऱ्याचा पूर्ण, तार गुंजत ठेवायची आणि खटका खालीवर करायचा. मित्राची गिटार आणली होती, पहिल्याच प्रयत्नात आलं. तीन ऱ्हस्व, तीन दीर्घ, तीन ऱ्हस्व.

बीबीसीच्या युद्धकाळातल्या उद्घोषणेवरून हे नाव आलं आहे. शॉर्टवेव्हच्या खरखरीतून लंडनची बातमी ऐकणारे आजोबा मंडळातल्या कित्येकांच्या घरी होऊन गेले असतील. गाण्यात मात्र बातमी देणारं लंडन स्वतःच बुडतंय. त्याच वर्षी मार्चमध्ये अमेरिकेत थ्री माइल आयलंड अणुकेंद्रात अपघात झाला होता, आणि थेम्सला पूर आला तर शहर पाण्याखाली जाईल ही भीती जुनीच होती. नदीवरचा बांध तेव्हा अजून बांधून व्हायचा होता.

१३ डिसेंबर, रात्र

छापील पत्रिका आल्या. ११ गाणी वाजवणार आहे, पत्रिकेत १० छापली आहेत. मुद्दामच.

‘ट्रेन इन व्हेन’ मुळात एका संगीत साप्ताहिकाबरोबर मोफत वाटायच्या पातळ तबकडीसाठी केलं होतं. ते बारगळलं. तोवर मुखपृष्ठाचा मजकूर छापून झाला होता. म्हणून गाणं चौथ्या बाजूच्या शेवटी आलं आणि यादीत नाव नाही. मूळ तबकडीवर सुई जिथे थांबते तिथल्या चकतीत ते कोरलेलं आहे, बस. हेच गाणं पुढे अमेरिकेत त्यांचं पहिलं मोठं यश ठरलं, तिथल्या यादीत २३ व्या क्रमांकापर्यंत गेलं.

डबल एलपीचीही गोष्ट अशीच. कंपनी एका किमतीत दोन तबकड्या द्यायला तयार नव्हती. बँडने विचारलं, मग सोबत एक सिंगल फुकट देऊ का? कंपनी हो म्हणाली. मग ते सिंगल बारा इंची केलं, आणि मग त्यावर नऊ गाणी भरली. ऐकणाऱ्यांना एकीच्या पैशात दोन मिळाल्या. मला ही चलाखी फार आवडते, कारण तिचा फायदा दुकानात खिसा चाचपत उभ्या असलेल्या पोराला झाला.

१४ डिसेंबर, शनिवार

रात्री साडेअकरा. लिहून ठेवतो, नाहीतर निसटेल.

४१ माणसं आली. खुर्च्या ३५ होत्या, पुढे सतरंजी टाकली. दोन्ही मुखपृष्ठं शेजारी लावली होती, लोक आल्या आल्या तिथेच थांबत होते. एक आजी म्हणाल्या, “हा गातोय आणि हा फोडतोय, पण पाटी एकच.” माझी पहिली पाच मिनिटं त्यांनी एका वाक्यात सांगून टाकली.

बो डिडलीच्या टाळ्या तिसऱ्या आवर्तनाला बसल्या. काका मांडीवर ठेका धरून होते. मग सुई ‘हेटफुल’वर ठेवली आणि सगळं सभागृह तबकडीबरोबर टाळी देत होतं. मी बोलायचं ठरवलं होतं ते बोललो नाही.

‘द गन्स ऑफ ब्रिक्स्टन’मध्ये माझा एक सूर लांबला. दुसऱ्या फेरीत सावरला. स्टीव्हन्सचा भाग दहाऐवजी सोळा मिनिटं चालला, त्यामुळे व्हॅनिलाच्या टेपचा एकच तुकडा झाला. पुढच्या वेळी टेप आधी घ्यायची, माणूस नंतर. एका गृहस्थांनी विचारलं की हे इतकं मुरलेलं संगीत आहे तर त्याला पंक का म्हणायचं. मी भाच्याकडे पाहिलं. तो म्हणाला, “कोणाला न विचारता वाजवलंय म्हणून.” उत्तर माझं नव्हतं. मला ते पटलं.

दहावं गाणं संपलं. आभार झाले, लोक उठले, कोणी सतरंजी गुंडाळायला घेतली, मागच्या रांगेत खुर्च्यांची घडी पडायला लागली. मी सुई उचलली नव्हती. ड्रमचा ठोका सुरू झाला तसे दारापाशी गेलेले दोघं परत वळले. पत्रिका उलटीपालटी करून पाहत होते.

१५ डिसेंबर

ॲम्प परत केला. गिटार मित्राकडे पोचवायची आहे. रेकॉर्ड प्लेयर काकांकडे नेला तर म्हणाले, ती तबकडी दोन दिवस राहू दे. चौथी बाजू लावून बसले होते.